व्हेरा क्लूझो ‘सिनेमातल्यासारखीच मेली’ : एका चटकदार गोष्टीचा प्रतिवाद

जुन्या थरारपटांच्या गप्पा निघाल्या की ‘ले द्याबोलिक’चं नाव येतंच, आणि त्यामागोमाग एक गोष्टही येते. थोड्याफार फरकाने ती सगळीकडे अशीच सांगितली जाते: “या फ्रेंच सिनेमात कमजोर हृदयाच्या बायकोचं काम करणारी व्हेरा क्लूझो ही दिग्दर्शक ऑन्री-जॉर्ज क्लूझोची खरी बायको. अभिनयाचा तिला गंध नव्हता, नवऱ्याने तिला घुसवली. तिला खरोखरच हृदयविकार होता, तोच त्याने पटकथेत घातला. सेटवर तिला इतकं छळलं की पडद्यावर दिसते ती भीती खरी आहे. सिनेमा संपतो न संपतो तोच तीही हृदय बंद पडून गेली, अगदी सिनेमातल्यासारखी.”

गोष्ट चटकदार आहे, म्हणून टिकली आहे. तिच्यातला एखादा धागा खरा आहे आणि त्यावर विणलेलं कापड मात्र खोटं आहे. नुसती तारखांची चूक असती तर एका ओळीत दुरुस्ती करून थांबता आलं असतं. पण ही गोष्ट एका अभिनेत्रीचं सगळं कामच पुसून टाकते. उरते ती फक्त एक आजारी बायको, जिला कॅमेऱ्यासमोर उभं केलं आणि जिचं दुखणं आपोआप चित्रित झालं. म्हणून एकेक मुद्दा घेऊन उत्तर देणं भाग आहे.

आधी एक सूचना. ‘ले द्याबोलिक’ संपल्यावर पडद्यावर पाटी येते: तुम्ही पाहिलं ते मित्रांना सांगू नका. इथे त्या पाटीचा मान राखता येणार नाही, कारण व्हेराच्या कामाची खरी कसोटी शेवटच्या वीस मिनिटांतच आहे. सिनेमा पाहिला नसेल तर आधी तो पाहून घ्या आणि मग पुढे वाचा.

“सिनेमा संपतो न संपतो तोच गेली.”

हा मुद्दा सर्वांत सोपा. ‘ले द्याबोलिक’चं चित्रीकरण १८ ऑगस्ट १९५४ ला सुरू झालं आणि ३० नोव्हेंबर १९५४ ला संपलं. २९ जानेवारी १९५५ ला तो पॅरिसमध्ये लागला. व्हेरा क्लूझोचं निधन झालं १५ डिसेंबर १९६० ला, पॅरिसमध्ये, हृदयविकाराच्या झटक्याने. चित्रीकरणाचा शेवटचा दिवस आणि तिचा मृत्यू यांत सहा वर्षं आणि पंधरा दिवसांचं अंतर आहे. मधल्या काळात तिने आणखी एका चित्रपटात मोठी भूमिका केली आणि एका चित्रपटाच्या पटकथेवर काम केलं. सहा वर्षांपूर्वीच्या कामाने माणूस मेला असं म्हणायचं, तर तसा पुरावा हवा. “दोन्हीकडे हृदय आहे” हा पुरावा होत नाही.

तिचा जन्म ३० डिसेंबर १९१३ चा, रिओ दि जानेरोचा. म्हणजे ती गेली तेव्हा सत्तेचाळिसावं वर्ष पुरं व्हायला पंधरा दिवस उरले होते. वय लहानच होतं, दुःख मोठंच होतं. शेवटच्या वर्षात ती मनाने फार खचली होती हेही नोंदलेलं आहे. पण ही १९६० ची हकिगत आहे. तिला १९५४ च्या सेटवर नेऊन चिकटवलं की दोन वेगळ्या काळांतली माणसं एक होऊन जातात.

याच गोष्टीला कधीकधी एक शेपूट जोडलेलं असतं: “न्हाणीघरातल्या टबात मेली, सिनेमातल्यासारखीच.” असं लिहिणाऱ्याने सिनेमा नीट पाहिलेला नाही. सिनेमात टबात असतो तो नवरा, मिशेल. त्याची बायको क्रिस्टिना, म्हणजे व्हेराची भूमिका, टबापासून दूर, भिंतीला पाठ घासत खाली कोसळते. या गोंधळात १९९६ च्या अमेरिकी आवृत्तीने भरच घातली असणार. तिथे बायकोचं काम इझाबेल अजानीने केलं आहे आणि तिथली बायको शेवटी जिवंत राहते.

“तिचाच आजार पटकथेत घातला.”

इथे तो खरा धागा आहे, म्हणून जरा थांबून पाहू. व्हेराची प्रकृती नाजूक होती आणि अखेर ती हृदयानेच गेली, हे खरं. पण क्रिस्टिनाचं कमजोर हृदय पटकथेत का आहे, याचं उत्तर पटकथेतच सापडतं. त्यासाठी दिग्दर्शकाच्या घरात डोकावायची गरज नाही.

मूळ कादंबरी ब्वालो आणि नार्सजाक या जोडीची, १९५२ ची. तिथे बळी पुरुष आहे. राव्हिनेल हा फिरता विक्रेता आणि त्याची प्रेयसी, जी डॉक्टर आहे, विम्याच्या पैशासाठी त्याच्या बायकोला नांतमध्ये टबात बुडवून मारतात. निदान त्याला तसं वाटतं. मग प्रेत नाहीसं होतं, मेलेल्या बायकोच्या खुणा जिकडेतिकडे उमटू लागतात, राव्हिनेलचं डोकं फिरत जातं आणि तो आत्महत्या करतो. बायको जिवंतच असते आणि डॉक्टर तिला सामील असते.

क्लूझोने हा डाव उलटा केला. त्याने बळी बाई केली आणि कटवाले केले नवरा आणि त्याची प्रेयसी निकोल. आपण दोघी मिळून मिशेलला मारतोय असं निकोल क्रिस्टिनाला भासवते, पण तो मरत नाही. विम्याच्या जागी आली शाळा. ती क्रिस्टिनाच्या पैशावर चालते, आणि ती मेली की नवऱ्याला मिळते. डाव उलटा केल्याबरोबर एक अडचण उभी राहते. राव्हिनेल आत्महत्या करतो, पण क्रिस्टिना देवभोळी कॅथलिक बाई आहे. तिच्या खोलीत प्रार्थनेची जागा आहे, पापाच्या विचाराने ती आधीच अर्धी झालेली आहे. अशी बाई स्वतःचा जीव घेईल यावर कटवाले विसंबून राहू शकत नाहीत. तिच्या अंगावर खूण उमटता कामा नये, पोलिसांना संशय येता कामा नये, वारसा सरळ मिळाला पाहिजे. मग हत्यार कुठलं? भीती. भीतीने माणूस मरायचा तर हृदय आधीपासून कमजोर असायला हवं आणि ते प्रेक्षकाला पहिल्या भागातच कळलेलं असायला हवं. म्हणून डॉक्टर येतो, विश्रांती सांगतो, जिने चढू नका म्हणतो. हे दुखणं म्हणजे कथानकाची मेख आहे. ती काढली तर शेवटचा सगळा भाग कोसळतो. भूमिका दुसऱ्या कुठल्याही अभिनेत्रीला दिली असती तरी क्रिस्टिनाचं हृदय कमजोरच ठेवावं लागलं असतं.

“अभिनयाचा गंध नव्हता, भीती खरी होती.”

सर्वांत अन्यायाचा मुद्दा हाच, आणि त्याला उत्तर पडद्यावरच आहे.

क्लूझो नटांशी कठोर वागायचा हे खोटं नाही. त्याची ती ख्याती होती आणि तिच्यावर पांघरूण घालण्याचं कारण नाही. पण “दिग्दर्शकाने छळलं म्हणून काम चांगलं झालं” या वाक्यात एक लबाडी आहे. नटीच्या मेहनतीचं श्रेय ते छळणाऱ्याच्या खात्यावर जमा करतं. जेवणघरातल्या प्रसंगाचंच पाहा. शाळेत शिळी मासळी वाढली आहे, कारण ती स्वस्त मिळाली. क्रिस्टिनाला घास गिळवत नाही. मिशेल सगळ्या पोरांसमोर आणि मास्तरांसमोर तिला हुकूम करतो: गिळा. आणि ती गिळते. या प्रसंगाबद्दल सांगतात की क्लूझोने नटांना खरोखरच सडकी मासळी खायला लावली. समजा लावली. किळस आली की तोंड वाकडं होतं, ते कुणाचंही होईल. पण पडद्यावर व्हेरा काय करते? घास तोंडात धरून ती आधी नवऱ्याकडे बघते, जणू या वेळी तरी तो सोडेल. मग तिला जाणवतं की पोरं बघताहेत. लाज किळसेपेक्षा वर येते, आणि लाजेपोटी ती घास खाली ढकलते. मासळी किळस देईल, लाज देणार नाही. एका घासात नवरा-बायकोची सगळी वर्षं दाखवायची असतील तर हा क्रम नटीलाच ठरवावा लागतो.

दुसरी जागा नियोर गावातल्या निकोलच्या घरातली. क्रिस्टिना आणि निकोल यांनी व्हिस्कीत औषध कालवलं आहे, मिशेल गाडीने आला आहे, पेला त्याच्या हातात आहे. ऐन वेळी क्रिस्टिनाचा धीर सुटतो, ती त्याला अडवू पाहते आणि व्हिस्की त्याच्या सुटावर सांडते. तो तिच्या थोबाडीत मारतो आणि पुन्हा ओतायला सांगतो. ती ओतते, आणि या वेळी अडवत नाही. नीट पाहिलं तर इथे ती खुनाचा निर्णय घेते. आधीची सगळी योजना निकोलची होती, ओतण्याचा क्षण मात्र क्रिस्टिनाचा आहे. व्हेरा तो क्षण डोळे वटारून किंवा दात-ओठ खाऊन करत नाही. तिचा हात थरथरायचा थांबतो, एवढंच. ‘बिचारी अबला’ म्हणून ही भूमिका मोडीत काढणाऱ्यांनी हा तुकडा पुन्हा बघावा. क्रिस्टिना स्वतःच्या समजुतीप्रमाणे नवऱ्याची खुनी आहे, आणि तरी प्रेक्षक शेवटपर्यंत तिच्या बाजूने राहतो. हे तारेवरचं काम आहे.

तिसरी जागा शेवटची रात्र. समोरच्या इमारतीत दिवा लागतो, पावलं वाजतात, दाराखालून उजेडाची पट्टी दिसते, टंकलेखन यंत्राची टकटक ऐकू येते. कागदावर नवऱ्याचं नाव पुन्हा पुन्हा टंकलेलं असतं. मग उजेड जातो, ती धावत सुटते, न्हाणीघरात शिरते आणि टब बघते.

हा भाग कसा घडतो ते माहीत असेल तर “भीती खरी होती” हे वाक्य तोंडातून निघणार नाही. असा प्रसंग सलग चित्रित होत नाही. तो तुकड्यातुकड्याने घेतात: एकदा दार, एकदा पावलं, एकदा चेहरा, एकदा पाठमोरी धाव. प्रत्येक तुकड्यासाठी दिवे नव्याने लावावे लागतात आणि दोन तुकड्यांमध्ये तासन्‌तास जातात. पण पडद्यावर श्वास सलग चढत गेलेला दिसायला हवा. पहिल्याच तुकड्यात नटीने सगळी भीती खर्च केली तर पुढे चढायला जागा उरत नाही, आणि दहा मिनिटं एकाच सुरात किंचाळल्यासारखी वाटतात. उलट एखाद्या मधल्या तुकड्यात श्वास उतरलेला असेल तर संकलनाच्या टेबलावर तो तुकडा जोडताच येत नाही. व्हेरा सुरुवातीला फक्त कान देऊन ऐकते. मग उठते, पण पाऊल अजून घरातल्या बाईचं असतं. श्वास ऐकू यायला लागतो तो बराच नंतर.

त्यात आणखी दोन अडचणी होत्या. छायाचित्रकार आर्माँ तिरारने हा जिना-बोळांचा भाग उजेड आणि काळोखाच्या पट्ट्यांत बांधला आहे. नटीने ठरल्या जागेपेक्षा वीतभर अलीकडे पाय थांबवला तर चेहरा काळोखात जातो आणि तुकडा वाया. म्हणजे घाबरून धावणाऱ्या बाईला धावताना जमिनीवरच्या खुणा पाळायच्या आहेत. दुसरी अडचण संगीताची. जॉर्ज व्हान पारीसचं संगीत फक्त सुरुवातीला आणि शेवटी आहे, मधला सगळा सिनेमा संगीताविना चालतो. आजचा थरारपट जिथे व्हायोलिनच्या सुरांवर नटाला तोलून धरतो तिथे व्हेराला आधार होता फक्त दाराच्या करकरीचा आणि स्वतःच्या श्वासाचा. खरी घाबरलेली बाई खुणा पाळत नाही आणि श्वास मोजत नाही. अभिनेत्री पाळते आणि मोजते.

यावर एक प्रश्न हमखास येतो: मग सिमोन सिन्योरेचं काय, खरी अभिनेत्री तर तीच ना? सिन्योरे थोरच. निकोल ही दुहेरी भूमिका आहे आणि ती तिने काळ्या चष्म्यासह, तोकड्या केसांसह, एका खांद्यावर सिनेमा पेलून केली आहे. पण शेवट कळल्यावर सिनेमा दुसऱ्यांदा बघितला की एक गोष्ट लक्षात येते. मुख्य तिघांपैकी खोटं न बोलणारी एकच व्यक्ती आहे, आणि प्रेक्षक जे बघतो ते तिच्या नजरेतून बघतो. निकोलचा डाव प्रेक्षकावर चालायचा असेल तर क्रिस्टिनावर आधी विश्वास बसायला हवा. तलाव रिकामा केल्यावर तळाशी प्रेत नाही हे बघून क्रिस्टिना बेशुद्ध पडते. ती पडणं खोटं वाटलं असतं तर तिथेच सिनेमा फुटला असता. सिन्योरेच्या कामाला उभं राहायला जमीन व्हेराने दिली आहे.

“नवऱ्याने घुसवली.”

नवऱ्याने घेतली, हे खरं. व्हेरा पडद्यावर दिसते ती तीनच चित्रपटांत: १९५३ चा ‘ल सालेर द ला पर’, १९५५ चा ‘ले द्याबोलिक’ आणि १९५७ चा ‘लेझ एस्पियाँ’. तिन्ही क्लूझोचे. हे लपवण्यासारखं नाही. चुकतो तो त्यातून काढलेला निष्कर्ष.

क्लूझो आपल्या सोबतिणीला भूमिका देण्यात नवखा नव्हता. व्हेराच्या आधी सुझी देलेर त्याच्याबरोबर होती. १९४२ च्या आणि १९४७ च्या त्याच्या चित्रपटांत तिच्या मोठ्या भूमिका आहेत, आणि ‘के देझ ऑर्फेव्र’मधली तिची गायिका आजही वाखाणली जाते. तिच्याबद्दल “घुसवली” असं कुणी म्हणत नाही. एकीला मोजमाप कामाचं आणि दुसरीला लग्नाच्या दाखल्याचं, हे बरोबर नाही.

शिवाय व्हेरा काही घरात बसलेली बाई नव्हती. वडील जिल्बेर्तो आमादो हे ब्राझीलचे लेखक, राजकारणी आणि मुत्सद्दी. युद्धाच्या काळात लुई जुव्हेची नाटक कंपनी दक्षिण अमेरिकेच्या दौऱ्यावर होती. त्या कंपनीतल्या लेओ लापारा या नटाशी तिचं लग्न झालं, कंपनीबरोबर ती फिरली आणि पुढे फ्रान्समध्ये आली. जुव्हे म्हणजे त्या काळच्या फ्रेंच रंगभूमीवरचं सर्वांत कडक शिस्तीचं नाव. अशा कंपनीच्या सहवासात काढलेली वर्षं कुणाला ‘गंध नव्हता’ या शब्दांत बसवता येणार नाहीत.

आणि एक बाब जी या गोष्टीत कधीच येत नाही, पण सर्वांत कामाची आहे. लापाराशी घटस्फोट झाल्यावर ती क्लूझोच्या ‘मिकेत ए सा मेर’च्या सेटवर सातत्य-सहायक म्हणून काम करत होती. क्लूझोशी तिचं लग्न झालं ते त्यानंतर, १५ जानेवारी १९५० ला. सातत्य-सहायकाचं काम काय असतं? प्रत्येक तुकडा कुठे संपला त्याची नोंद ठेवायची. पेला कुठल्या हातात होता, त्यात पेय किती उरलं होतं, दार किती उघडं होतं, बटा कानामागे होत्या की पुढे, वाक्याच्या कुठल्या शब्दावर नट वळला. दोन आठवड्यांनी पुढचा तुकडा घेताना सगळं तसंच हवं. नोंद चुकली तर चूक पडद्यावर दिसते आणि शिव्या सहायकाला मिळतात. हे काम केलेल्या माणसाला सिनेमा तुकड्यांतून कसा जुळतो ते डोळ्यांनी कळलेलं असतं. शेवटच्या रात्रीतला तो मोजून चढवलेला श्वास, दोन वेण्या आणि पांढरा झगा यांचं अचूक सातत्य बघताना हे लक्षात ठेवावं.

राहता राहिली निर्मिती संस्था. क्लूझोने आपल्या कंपनीचं नाव ‘व्हेरा फिल्म्स’ ठेवलं आणि ते ‘ल सालेर द ला पर’ आणि ‘ले द्याबोलिक’ दोन्हींच्या श्रेयनामावलीत आहे. याला कुणी लाड म्हणेल, म्हणो.

“उच्चार वाईट म्हणून आधी फरशी पुसायला लावली, मग मुकी केली.”

तिच्या फ्रेंचला परदेशी हेल होता. पण तो लपवण्यासाठी भूमिका ओढूनताणून लिहिल्या, असं चित्रपट पाहून वाटत नाही. ‘ल सालेर द ला पर’ घडतो दक्षिण अमेरिकेतल्या एका उकिरड्यासारख्या गावात. तिथे फ्रेंच, स्पॅनिश, इंग्रजी, जर्मन, इटालियन अशा सगळ्या भाषा एकमेकींवर आदळत असतात आणि हेल नसलेलं माणूसच परकं वाटतं. ‘ले द्याबोलिक’मधली क्रिस्टिना काराकासची आहे. नवऱ्याच्या देशात, स्वतःच्या पैशाने उभ्या शाळेतही ती पाहुणीच आहे. हेल तिथे उणीव नाही, भूमिकेचा भाग आहे.

‘ल सालेर द ला पर’मधली तिची लिंडाची भूमिका छोटी आहे आणि मुळात ती नीट लिहिलेलीच नाही, हे मान्य करायला हवं. दारूच्या गुत्त्यात फरशी पुसणारी, नायक मारियोवर जीव टाकणारी, त्याच्या लाथा खाणारी पोरगी. व्हेराने तिला जे दिलं ते शरीराने दिलं. मारियो ट्रक घेऊन निघतो तेव्हा ती पायरीला लटकते आणि तो तिला ढकलून देतो. शेवटी इकडे मारियो रिकामा ट्रक वाल्ट्झच्या तालावर रस्त्यावर नाचवतो आणि तिकडे गावात लिंडा त्याच सुरावर नाचते. दोन्ही दृश्यं एकाआड एक येतात. ट्रक दरीत कोसळतो त्याच सुमारास लिंडाही कोसळते. तिचा नाच ट्रकच्या वळणांशी जुळला नसता तर तो शेवट हास्यास्पद झाला असता.

त्या चित्रपटाचं काम सुखाचं नव्हतं. ऑगस्ट १९५१ मध्ये दक्षिण फ्रान्समध्ये चित्रीकरण सुरू झालं आणि पावसाने उभं-आडवं झोडपलं. नेपथ्य वाहून गेलं, क्लूझोचा घोटा मोडला, व्हेरा आजारी पडली, खर्च हाताबाहेर गेला आणि निम्म्यावर काम थांबलं. उरलेलं १९५२ च्या उन्हाळ्यात पुरं झालं. १९५३ मध्ये त्याला कान महोत्सवाचं सर्वोच्च पारितोषिक आणि बर्लिनचं सुवर्ण अस्वल दोन्ही मिळालं. व्हेराची ही पहिलीच भूमिका.

‘लेझ एस्पियाँ’ पडला आणि विस्मरणात गेला. त्यातली व्हेराची लुसी मनोरुग्णालयातली मुकी रुग्ण आहे. चहूकडे हेर, सगळेच बोलबोल बोलणारे आणि सगळेच खोटं बोलणारे. त्यांच्यात न बोलणारी ही एकटीच. पीटर उस्तिनोव्ह आणि कुर्द युर्गेन्ससारखे कसलेले नट शब्दांचे फवारे उडवत असताना शब्दाविना उभं राहायचं, हे नवशिक्याला लपवण्याचं ठिकाण नव्हे. संवाद नसला की नटाचा सगळा आळस उघडा पडतो. चित्रपट विस्कळीत आहे, लुसी नाही.

“त्यानंतर तिने काही केलं नाही.”

केलं. १९६० च्या ‘ला व्हेरिते’च्या पटकथेत तिचा वाटा आहे आणि तिचं नाव श्रेयात आहे. प्रियकराच्या खुनाचा आरोप असलेल्या तरुणीवरचा हा खटला. मुख्य भूमिका ब्रिजित बार्दोची. कोर्टातले जाणते पुरुष एका पोरीच्या आयुष्याचा अर्थ लावत बसतात आणि तिला कुणीच ऐकत नाही, असा त्याचा गाभा. लेखकांमध्ये क्लूझो आणि त्याचा भाऊ जेरोम जेरोनिमी यांच्याबरोबर मिशेल पेरँ, क्रिस्तियान रोशफोर आणि व्हेरा अशा बायका आहेत, आणि तो फरक चित्रपटात जाणवतो. हा चित्रपट २ नोव्हेंबर १९६० ला लागला. सर्वोत्कृष्ट परभाषी चित्रपटाच्या ऑस्करसाठी त्याला नामांकनही मिळालं. व्हेरा गेली ती तो लागल्यानंतर सुमारे सहा आठवड्यांनी. तेव्हा “सिनेमा संपतो न संपतो” हे शब्द वापरायचेच असतील तर ते या सिनेमाबद्दल वापरता येतील. त्यात ती पडद्यावर नाही आणि कुणाचं हृदय भीतीने बंद पडत नाही.

ज्यांना हे स्वतः पडताळून बघायचं आहे त्यांच्यासाठी एक-दोन गोष्टी. सुरुवात ‘ल सालेर द ला पर’पासून करावी, पण अडीच तासांच्या आसपासची पूर्ण आवृत्ती मिळवून. अमेरिकेत १९५५ मध्ये तो कापून दाखवला गेला. तेल कंपनीवरच्या टीकेला कात्री लागली, आणि ती टीका मुख्यतः गावातल्या पहिल्या तासात आहे. लिंडाच्या कामाचा बहुतेक भागही त्याच तासात आहे. कापलेली प्रत बघून “ती आहेच किती” असं म्हणण्यात अर्थ नाही. ‘ले द्याबोलिक’ दोनदा बघावा. पहिल्यांदा गोष्टीसाठी, आणि दुसऱ्यांदा निकोल बोलत असताना नजर क्रिस्टिनावर ठेवून. नियोरला वरच्या मजल्यावरचे बिऱ्हाडकरू रेडिओ ऐकताहेत आणि खाली टबात पाणी सोडलं आहे, तो भाग विशेष पाहावा. तिथे व्हेराला जवळजवळ वाक्यच नाही, पण वर पाण्याचा आवाज पोचतोय हे तिच्या चेहऱ्यावर निकोलच्या आधी उमटतं.